यंग मार्बल जायंट्स: एक अल्बम, दोन छोट्या तबकड्या आणि कारभार आटोपला

उलटी_बाजू

पोस्ट-पंक (सत्तरीच्या शेवटी पंक रॉकच्या गोंगाटानंतर निघालेलं वेगळ्या वाटेचं संगीत) म्हटलं की आपल्याकडची गाडी मँचेस्टरला सुटते आणि फार तर लीड्सला थांबते. जॉय डिव्हिजन, गँग ऑफ फोर, मग कोणीतरी 'द फॉल'चं नाव घेतं आणि चर्चा संपते. ती मंडळी दादा आहेत, वाद नाही. पण त्या दोन-तीन वर्षांतली सगळ्यांत अचाट तबकडी कोणती, असं मला विचाराल तर मी वेल्समधल्या कार्डिफकडे बोट दाखवीन.

यंग मार्बल जायंट्स. सुरुवात १९७८ ची, १९८० संपता संपता बँड मोडला. फेब्रुवारी १९८० मध्ये 'कलॉसल यूथ' हा एकुलता एक अल्बम, जूनमध्ये 'फायनल डे' ही छोटी तबकडी, आणि बँड संपल्यावर १९८१ मध्ये 'टेस्टकार्ड' ही बिनशब्दांची आणखी एक. त्याआधी एका स्थानिक संग्रहात दोन गाणी. एवढाच संसार.

माणसं तीन. स्टुअर्ट मॉक्सम गिटार आणि ऑर्गन वाजवायचा, जवळजवळ सगळी गाणीही त्याचीच. त्याचा भाऊ फिलिप बासवर. गायला अ‍ॅलिसन स्टॅटन. चौथा म्हणायचा तर मॉक्सम बंधूंचा नात्यातला भाऊ पीटर जॉइस. हा टेलिफोन खात्यातला तंत्रज्ञ, घरी सर्किटं जुळवत बसणारा. ड्रम मशीन त्याने बनवलं आणि बँडला ड्रमर लागलाच नाही.

आधी हेच लोक 'ट्रू व्हील' नावाच्या बँडमध्ये दुसऱ्यांची गाणी वाजवायचे. हे नावही ब्रायन ईनोच्या एका गाण्यावरून उचललेलं. तेव्हाच्या कार्डिफमध्ये पोट भरायचं तर क्लबात जाऊन लोकांना माहीत असलेलं वाजवा, एवढाच रस्ता होता. आपलं काही वाजवणाऱ्याला दारात कोण उभं करणार?

मग स्टुअर्टने ठरवलं की बाकीचे जे जे करतात ते आपण काढून टाकायचं. ड्रम काढले, गिटारचा गोंगाट काढला, सोलो काढले, गायिकेने आवाज ताणणंही काढलं. सगळीकडे पंकचा दणदणाट चाललेला असताना हळू वाजवायचं.

गिटार कशी वाजते ते जरा बारकाईने ऐका. उजव्या तळव्याची कड ब्रिजपाशी (गिटारवर तारा जिथे टेकतात त्या पट्टीपाशी) तारांवर टेकवून ठेवायची आणि तशीच छेडायची. स्वर उमटतो आणि लगेच विझतो, मागे रेंगाळत नाही. टक-टक-टक असं काहीतरी कानावर येतं, त्यात सूर आहे पण शेपूट नाही. म्हणजे गिटारने तालाचं काम पत्करलं. मग चाल कोण सांभाळणार? फिलिपचा बास. तो वरच्या पट्टीत गातो, पुष्कळ ठिकाणी लक्षात राहते ती त्याचीच ओळ. मशीन खाली बारीक टिकटिकतं, आणि या तिन्हींच्या मधे इतकी मोकळी जागा उरते की अ‍ॅलिसनला आवाज चढवायची गरजच पडत नाही. स्टुअर्टवर बुकर टी अँड द एमजीज या अमेरिकन सोल मंडळींचा संस्कार होता, तिथला स्टीव्ह क्रॉपर असाच मोजकं वाजवणारा. यांच्या एका सुरुवातीच्या तुकड्याचं नावच 'ओड टू बुकर टी' आहे.

हा तुकडा आणि 'सर्चिंग फॉर मिस्टर राइट' ही दोन गाणी १९७९ च्या 'इज द वॉर ओव्हर?' या संग्रहात आली. कार्डिफच्या बँडांनी मिळून काढलेला हा संग्रह, लेबलचं, म्हणजे तबकड्या काढणाऱ्या कंपनीचं, नाव झी ब्लॉक. 'रेप्टाइल रँच'सारखे त्याच गावातले बँड सोबत. आपण आपल्या पैशाने तबकडी छापू शकतो, हीच त्या काळातली मोठी बातमी होती. १९७७ मध्ये 'डेस्परेट बायसिकल्स'ने ते करून दाखवलं. १९७८ मध्ये 'स्क्रिटी पोलिटी'ने तर कव्हरवरच जमाखर्च छापला: स्टुडिओचे इतके, छपाईचे इतके, लेबलं चिकटवायचे इतके. (त्यांचा ग्रीन गार्टसाइड मूळचा कार्डिफचाच.)

ती दोन गाणी लंडनला रफ ट्रेडच्या जेफ ट्रॅव्हिसच्या कानावर गेली. रफ ट्रेड हे आधी दुकान, १९७६ पासूनचं. लेबल नंतर झालं. खर्च वजा जाता नफा निम्मा-निम्मा, असा तिथला सरळ व्यवहार. अल्बम ध्वनिमुद्रित झाला वेल्शपूलजवळच्या फोएल स्टुडिओत. हा स्टुडिओ हॉकविंड या रॉक बँडमध्ये बास वाजवलेल्या डेव्ह अँडरसनचा. पाचेक दिवसांत काम उरकलं. पंधरा तुकडे, त्यातले दोन बिनशब्दांचे, सगळं मिळून चाळीस मिनिटांच्या आत. कव्हरवर अर्ध्या उजेडातले तीन चेहरे, बीटल्सच्या दुसऱ्या अल्बमची आठवण करून देणारे.

माझं म्हणणं एवढंच आहे. या संगीतातली रिकामी जागा ही पैसा नव्हता म्हणून उरलेली जागा नाही. पैसा नव्हताच, पण गरिबीतही माणसं भरगच्च वाजवतात, किंबहुना जास्तच भरगच्च. ही जागा हट्टाने राखलेली आहे. आणि दुसरा अल्बम झाला नाही याचं मला तरी दुःख नाही. यात आणखी काय घालणार होते आणि यातून आणखी काय काढणार होते?

ऐकलेल्यांनी लिहा. न ऐकलेल्यांनी आधी ऐका, मग भांडा.

---

गवती_चहा

खुणेची जागा. सविस्तर नंतर लिहिते, अ‍ॅलिसनबद्दल दोन शब्द बोलायचेच आहेत.

---

नाठाळ

ऐकलं. उलटीराव, लेख झकास पण हे पोस्ट-पंक कसं काय? पंकचा प तरी आहे का यात? ही तर अंगाई झाली. टिकटिक चाललीय, बाई हळू आवाजात काहीतरी सांगतायत. तिसऱ्या गाण्याला जांभई आली, खोटं कशाला बोलू.

---

उलटी_बाजू

@नाठाळ, तिसरा तुकडा 'द टॅक्सी', त्यात बाई गातच नाहीत. म्हणजे तुम्ही नक्की जागे होतात ना? :)

पंक म्हणजे मोठा आवाज असं धरलं तर तुमचं बरोबर. पण १९७९ पर्यंत मोठा आवाज हाच रिवाज झाला होता. तीन कॉर्ड, चामडी जाकीट, थुंकणं. त्या रिवाजाला 'नाही' म्हणणारे सगळे पोस्ट-पंक. कोणी डब रेगेकडे गेलं, कोणी फंककडे, कोणी यंत्रांकडे. हे तिघे शांततेकडे गेले. आणि पंकच्या गर्दीसमोर हळू वाजवायला किती जिगर लागते याचा विचार करा. बोंबलणाऱ्याला मागच्या रांगेतली शिवी ऐकूच येत नाही, यांना ती स्पष्ट ऐकू येत असणार.

---

सोल्डरगन

माझ्या आवडीचा विषय निघाला. ड्रम मशीनबद्दल लिहितो, संगीतातलं बाकी तुम्ही जाणकार बघा.

आज मशीनमध्ये खऱ्या ड्रमचे ध्वनिमुद्रित नमुने असतात. १९७८ ला घरी बनवलेल्या डब्यात तसलं काही शक्य नव्हतं, आवाज सर्किटनेच पैदा करावा लागे. मोठ्या ढोलाचा 'धप्' हवा तर दोलनाच्या अगदी उंबरठ्यावर ठेवलेलं एक सर्किट घ्यायचं आणि त्याला एक विजेचा टोला द्यायचा. ते क्षणभर थरथरतं आणि विझतं. किती लवकर विझावं ते एका रोधाच्या किमतीवर. झांजेचा 'च्स्स' हवा तर एक ट्रान्झिस्टर उलटा जोडायचा. त्याच्या जोडातून जी खरखर निघते ती वाढवायची, तिच्यातला खालचा भाग गाळायचा आणि पटकन तोडायची. बस, झाली हाय-हॅट. तेव्हाच्या इंग्लंडमधली इलेक्ट्रॉनिक्सची मासिकं अशा आकृत्यांनी भरलेली असायची. आमच्या पिढीने लॅमिंग्टन रोडवरून सुटे भाग आणून हेच उद्योग केलेत, फक्त कोणी त्यावर अल्बम काढला नाही.

यामुळे होतं काय, की 'धप्' हा ढोल वाटतच नाही. कोणीतरी पुठ्ठ्याच्या खोक्यावर बोट आपटल्यासारखं वाटतं. या बँडने ते लपवायचा प्रयत्न केला नाही, तेच मला फार आवडलं.

दुसरं म्हणजे त्यांच्याकडे घरी बनवलेला रिंग मॉड्युलेटर होता असं दिसतं. हे यंत्र दोन आवाजांचा गुणाकार करतं. समजा आत ४४० आणि १०० हर्ट्झचे स्वर सोडले, तर बाहेर ते दोन्ही नाहीतच, त्यांची बेरीज ५४० आणि वजाबाकी ३४० येते. मूळ स्वराशी यांचं संगीतातलं नातं जुळत नाही, म्हणून घंटेसारखा, थोडा खुळा आवाज होतो. काही गाण्यांत कोपऱ्यात कुठेतरी हे खुळेपण डोकावतं.

---

उलटी_बाजू

@सोल्डरगन, दंडवत घ्या. यात एक पुरवणी: कार्यक्रमात ते मशीन चालवत नसत. प्रत्येक गाण्यासाठी ताल नव्याने लावत बसण्यापेक्षा ते आधीच कॅसेटवर भरून ठेवलेले असायचे. रंगमंचावर कॅसेट सुरू करायची आणि तिच्यासोबत वाजवायचं. नोव्हेंबर १९८० मध्ये न्यूयॉर्कच्या 'हुर्रा' क्लबात त्यांचा कार्यक्रम चित्रित झालाय, तो जरूर बघा. तिघे आपापल्या जागी उभे, कोणी उड्या मारत नाही, कोणी लोकांना टाळ्या वाजवायला सांगत नाही.

---

टॅफकाठचा

कार्डिफमध्ये राहतो, त्यामुळे चार ओळी लिहिणं भाग आहे. आजचं कार्डिफ बघून तेव्हाचं कळणार नाही. आता खाडीकाठी ऑपेरा आहे, विधिमंडळ आहे, महागडी कॉफी आहे. १९७८ मध्ये ईस्ट मूर्सचा पोलाद कारखाना बंद पडला, आणि कोळशाच्या जोरावर उभं राहिलेलं बंदर तर त्याच्या कितीतरी आधीपासून मरत होतं. मार्च १९७९ मध्ये वेल्सला स्वतःची विधानसभा हवी का यावर सार्वमत झालं, लोकांनी चक्क नको म्हणून सांगितलं. दोन महिन्यांनी थॅचरबाई आल्या. तरुण पोरांकडे वेळ भरपूर, काम नाही, आणि लंडनचे लोक इकडे ढुंकूनही बघत नाहीत, अशी सगळी परिस्थिती. चार्ल्स स्ट्रीटवर 'ग्रासरूट्स' नावाचा तरुणांचा एक अड्डा होता, त्या संग्रहातल्या मंडळींचं जग त्याच्याच आजूबाजूचं. चार्ल्स स्ट्रीट अगदी गावाच्या मधोमध आहे, आज तिथून चालत जाताना असलं काही जाणवत नाही.

इथल्या लोकांना वेल्श संगीत म्हटलं की नव्वदीतले मॅनिक स्ट्रीट प्रीचर्स, कॅटाटोनिया, सुपर फरी अ‍ॅनिमल्स आठवतात. यंग मार्बल जायंट्स त्याच्या बारा-पंधरा वर्षं आधीचे, आणि त्यांची भाषा इंग्रजी. वेल्श भाषेतला भूमिगत सवतासुभा वेगळा होता. 'दात्ब्लिगी' हा १९८२ मध्ये कार्डिगन गावात सुरू झालेला बँड त्यातला शिरोमणी, ऐकाच. जॉन पील मात्र दोन्हीकडची वाजवायचा. बीबीसीवर रात्री उशिरा लागणारा त्याचा कार्यक्रम म्हणजे लंडनबाहेरच्या पोरांना एकमेव खिडकी.

आणि 'फायनल डे'बद्दल कोणी बोलतच नाहीये?

---

उलटी_बाजू

@टॅफकाठचा, ते मुद्दाम राखून ठेवलं होतं.

जेमतेम पावणेदोन मिनिटांचं गाणं. विषय अणुयुद्ध, जगाचा शेवटचा दिवस. मागे एक बारीक उंच स्वर लागलेला आहे तो गाणंभर हलत नाही, दुसऱ्या खोलीत टीव्ही चालू राहिल्यासारखा. पहिल्यांदा ऐकताना तो लक्षातही येत नाही, गाणं थांबल्यावर कळतं की काहीतरी बंद झालं. अ‍ॅलिसन सगळ्यांच्या मरणाबद्दल ज्या स्वरात गाते त्याच स्वरात ती उद्याच्या हवामानाबद्दलही गाऊ शकली असती.

याचा संदर्भ माहीत हवा. डिसेंबर १९७९ मध्ये नाटोने युरोपात क्रूझ क्षेपणास्त्रं आणायचं ठरवलं. मे १९८० मध्ये ब्रिटिश सरकारने 'प्रोटेक्ट अँड सर्व्हाइव्ह' ही पुस्तिका विकायला काढली, किंमत ५० पेन्स. त्यात सूचना काय, तर घराची दारं बिजागऱ्यांवरून काढून आतल्या भिंतीला तिरकी टेकवा, त्यांवर माती भरलेल्या पिशव्या रचा, खिडक्यांना पांढरा रंग द्या, चौदा दिवसांचं अन्नपाणी भरून ठेवा. सगळं अतिशय शांत, सरकारी भाषेत. लगेच जूनमध्ये 'फायनल डे' आलं. गाणं त्या पुस्तिकेवरून बेतलं असं मी म्हणत नाही. पण दोन्ही शेजारी ठेवा आणि बघा, त्या सरकारी शांतपणापुढे हा शांतपणा कसा ऐकू येतो ते. इथे ओरडलं असतं तर ते नेहमीचं युद्धविरोधी गाणं झालं असतं.

---

टॅफकाठचा

आणि पुढचा धागा पुन्हा कार्डिफचाच. २७ ऑगस्ट १९८१ ला इथूनच छत्तीस बायका ग्रीनहॅम कॉमनच्या हवाई तळाकडे पायी निघाल्या, सोबत काही पोरंबाळं आणि मोजके पुरुष. ५ सप्टेंबरला पोहोचल्या. क्षेपणास्त्रं ठेवायची जागा तीच. तिथे जो ठिय्या पडला तो पुढे १९ वर्षं हलला नाही. बँड तोवर संपला होता, त्यामुळे थेट संबंध जोडू नका. पण गावाच्या डोक्यात काय चाललं होतं ते कळतं.

---

नाठाळ

हां, 'फायनल डे' मानलं. ते पुन्हा लावलं. बाकीच्यांवर माझं मत कायम आहे.

---

गवती_चहा

आले परत. मुद्दा अ‍ॅलिसनचा.

मूळ लेखात "गायला अ‍ॅलिसन स्टॅटन" एवढ्या तीन शब्दांत तिची बोळवण झालीये, उलटी_बाजू, हे काही पटलं नाही. स्टुअर्टने पुढे मुलाखतींमधून मोकळेपणाने सांगितलंय की त्याला स्वतःला गायचं होतं. अ‍ॅलिसन हवीच हा आग्रह फिलिपचा. एकदा तर स्टुअर्ट म्हणाला की अ‍ॅलिसन गायिका नव्हे, गाणारी कोणीतरी आहे, बसथांब्यावर उभी राहून गात असल्यासारखी गाते. आता ही स्तुती की निंदा हे ज्याने त्याने ठरवावं. मला विचाराल तर त्या पोराला स्वतःच्या हाताशी काय लागलंय ते तेव्हा कळलं नव्हतं.

तुम्ही तिचा आवाज नुसता 'हळू' म्हणून मोकळे होता. नीट ऐका. ती स्वर हलवत नाही, शेवटाला कंप देत नाही, शब्दाला भाव चिकटवत नाही. 'सॅलड डेज'मध्ये तारुण्य सरल्याची गोष्ट आहे. दुसऱ्या कोणी त्यात हुंदका घातला असता. ही शब्द समोर ठेवते आणि बाजूला होते. यासाठी सूर पक्का लागतो, कारण झाकायला मागे वाद्यांचा कल्लोळ नाही. जराशी घसरली असती तरी सगळ्यांना ऐकू आलं असतं. आपल्याकडे भावगीत गाणाऱ्यांना विचारा, पेटी आणि तबला दोनच असले की काय होतं ते.

शिवाय तो काळ बघा. रॉकमधल्या बाईने एक तर किंचाळावं नाही तर लाडात यावं, अशी अपेक्षा. रेनकोट्स, स्लिट्स या बायकांच्या बँडांनी ती एका बाजूने मोडली. अ‍ॅलिसनने दुसऱ्या बाजूने, आणि तिचं नाव कोणी घेत नाही कारण तिने काही तोडफोड केली नाही. गाणी सगळी स्टुअर्टची असतील. पण त्याच स्टुअर्टने पुढे स्वतः गायलेलं ऐका आणि मग या अल्बममधलं काय गेलं ते मला सांगा.

---

उलटी_बाजू

@गवती_चहा, तीन शब्दांचा आरोप शिरसावंद्य. बाकीबद्दल मात्र थोडं भांडतो. स्टुअर्टने पुढे 'द गिस्ट' नावाने जे केलं ते हलकं नाही. 'एम्ब्रेस द हर्ड' अल्बममधलं 'लव्ह अ‍ॅट फर्स्ट साइट' ऐका. फ्रान्समध्ये एत्येन दाओने त्याच चालीवर 'पारी, ल फ्लोर' केलं आणि ते तिकडे चांगलं गाजलं.

पण बँड मोडायचं कारण तुम्ही बरोबर पकडलंत. ज्याने लिहायचं त्याला गायचंय, जी गाते तिला ठाऊक आहे की आपण याला नको होतो, आणि मधे भाऊ. यावर तिघांनी बसून कधी बोलणं केलं असतं तर बरं झालं असतं. पण ज्या स्वभावातून ते संगीत आलं तो स्वभाव बोलणाऱ्यांचा नव्हताच. अल्बमचं नाव होतंय, पीलने ऑगस्ट १९८० मध्ये आपल्या कार्यक्रमासाठी ध्वनिमुद्रण करायला बोलावलंय, अमेरिकेचा दौरा होतोय, आणि आत सगळं थंड. त्या दौऱ्यानंतर लवकरच पडदा पडला.

'टेस्टकार्ड'मध्ये तर अ‍ॅलिसन नाहीच. टीव्हीवर कार्यक्रम नसताना जे चित्र लागायचं (बीबीसीवर एक मुलगी, फळ्यावर फुली-गोळा आणि एक चिंधी विदूषक) त्यासोबत निरुपद्रवी वाद्यसंगीत वाजायचं, त्याच्या प्रेमापोटी केलेले हे सहा तुकडे. गोड आहेत. पण घर रिकामं झाल्याचं कळतं.

---

चिंचपोकळी_फास्ट

मी उलट्या वाटेने आलो. 'होल' या अमेरिकन बँडच्या १९९४ च्या 'लिव्ह थ्रू धिस' अल्बमवर 'क्रेडिट इन द स्ट्रेट वर्ल्ड' आहे, कोर्टनी लव्ह घसा फोडून गाते. मला ते तिचंच गाणं वाटायचं. पुढे कळलं की मूळ कार्डिफचं. मूळ लावलं तर हे! सारखी चाल, सारखे शब्द, पण एकाने दार लाथाडलंय आणि दुसऱ्याने कडी हळूच काढलीये. मला अजूनही 'होल'चंच जास्त आवडतं हेही सांगून टाकतो.

कर्ट कोबेनच्या वह्यांत आवडत्या पन्नास अल्बमांची यादी आहे, तीत 'कलॉसल यूथ' आहे. आमच्यासारख्या निर्वाणा-पोरांना हा बँड तिथूनच कळला.

अवांतर: मूळ लेखातली "दुसऱ्यांचं वाजवा तरच उभे करू" ही गोष्ट आपल्याकडे वेगळी नव्हती. १९८६ ला धोबीतलावच्या रंगभवनात 'इंडिपेंडन्स रॉक' सुरू झालं. त्या जमान्यातल्या पब्लिकला माहितीतली इंग्रजी गाणीच ऐकायची असत, स्वतःचं वाजवणं म्हणजे धाडस. मराठीत असं हळू, रिकामं, चार तारांचं कोणी त्या काळात केलं असेल का?

---

नाठाळ

त्या काळात रंगभवनात असं हळू वाजवलं असतं तर बाहेरच्या बसचा हॉर्न जास्त ऐकू आला असता.

---

उलटी_बाजू

@चिंचपोकळी_फास्ट, मराठीवर स्वतंत्र धागा काढा, मी पहिला प्रतिसाद देतो. इथे कार्डिफच राहू दे.

'होल'ने आवाज भरून ते गाणं केलं आणि तरी ते उभं राहिलं, यावरून मूळ बांधणी किती पक्की ते कळतं. 'गॅलेक्सी ५००' या बँडने 'फायनल डे' केलंय, तेही काढून ऐका.

---

शेंगदाणा_चटणी

नवीन माणूस आहे, सगळे प्रतिसाद वाचले. कुठून सुरुवात करू? आणि पुढे या लोकांचं काय झालं?

---

गवती_चहा

@शेंगदाणा_चटणी, पुढचं मी सांगते. अ‍ॅलिसनने 'वीकेंड' नावाचा बँड केला, १९८२ चा 'ला व्हारिएते' अल्बम. जॅझ, थोडा ब्राझिलियन उन्हाळा, व्हायोलिन. इथे ती चक्क मोकळी वाटते. नंतर लुडस बँडच्या इयन डिव्हाइनबरोबर 'डिव्हाइन अँड स्टॅटन'. पुढे ती कायरोप्रॅक्टर झाली, म्हणजे लोकांचे मणके बसवणारी. फिलिप इतरांसाठी बास वाजवत राहिला.

आणि एक दुवा बायकांच्या बाजूचा. हर्टफर्डशरमधल्या शाळकरी मुलींचा 'मरीन गर्ल्स' हा बँड, यांच्याच वाटेवरचा, ड्रमर नसलेला. त्यांचा १९८३ चा 'लेझी वेज' अल्बम स्टुअर्टने निर्मित केला. त्यातली ट्रेसी थॉर्न पुढे 'एव्हरीथिंग बट द गर्ल'ची गायिका झाली. म्हणजे बघा, ज्या गायकीबद्दल स्टुअर्ट कुरकुरायचा तिचीच पुढची पिढी त्याने स्वतःच्या हाताने ध्वनिमुद्रित केली!

---

उलटी_बाजू

@शेंगदाणा_चटणी, 'कलॉसल यूथ' पहिल्यापासून क्रमाने. डोमिनो लेबलने २००७ मध्ये बाकीच्या सगळ्या तुकड्यांसकट पुन्हा काढलाय, २०२० मध्ये चाळिसाव्या वर्षानिमित्त 'हुर्रा'च्या चित्रफितीसह आणखी एकदा. मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका, बास गायब होतो आणि बासच गेला तर चाल गेली. हेडफोन लावा, आवाज मध्यम ठेवा. मोठा केला तर मशीनची खरखर पुढे येते.

हे लोक पुढे अधूनमधून एकत्र आलेही. २०१५ मध्ये लंडनला रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये, डेव्हिड बर्नने योजलेल्या मेल्टडाउन महोत्सवात वाजवलं. नवा अल्बम मात्र केला नाही, आणि त्याबद्दल मी त्यांचा आभारी आहे.

---

टॅफकाठचा

शेवटच्या वाक्याला कडाडून विरोध. दुसरा अल्बम हवाच होता. 'फायनल डे' पहिल्या अल्बमनंतर चार महिन्यांनी आलंय आणि अल्बममधल्या निम्म्या गाण्यांपेक्षा सरस आहे. म्हणजे ते पुढे जात होते. तुम्ही त्यांना फ्रेम करून भिंतीवर लावलंय, उलटीराव.

---

सोल्डरगन

टॅफरावांना +१. ड्रम मशीनच्या दुसऱ्या आवृत्तीत पीटर जॉइसने काय केलं असतं, याचाच विचार करतोय मी तर.

---

उलटी_बाजू

'फायनल डे' निम्म्या अल्बमपेक्षा सरस? कोणती निम्मी, नावं घ्या. मग बोलू.

---

टॅफकाठचा

'द मॅन अ‍ॅम्प्लिफायर', 'कॉन्स्टंटली चेंजिंग', 'चोची लोनी', 'द टॅक्सी', 'विंड इन द रिगिंग'. पाच सांगितली, उरलेली अडीच रात्री जेवण झाल्यावर.